हस्ताक्षर जुळलं म्हणजे गुन्हा सिद्ध झाला का? कोर्टात हस्ताक्षर तज्ज्ञाच्या मताला किती किंमत असते?

'घटनास्थळी एक चिठ्ठी सापडली असून ती हस्ताक्षर तज्ज्ञांकडे तपासणीसाठी पाठवण्यात आली आहे.' आत्महत्या असो, खंडणीचं पत्र असो, बनावट मृत्युपत्र असो की बँकेतला घोटाळा, बातमीचं शेवटचं वाक्य बहुतेक वेळा हेच असतं. काही महिन्यांनी अहवाल येतो. 'अक्षर जुळलं' असा मेसेज ग्रुपवर फिरायला लागतो आणि आपल्यापुरता खटल्याचा निकाल लागून जातो.

कोर्टात मात्र तिथून पुढे खरी चर्चा सुरू होते. अक्षर कशाशी जुळवलं? तो नमुना कुठून आणला? तज्ज्ञाने कारणं काय दिली? आणि अक्षर आरोपीचंच असलं, तरी त्यावरून नेमकं काय सिद्ध होतं? एखाद्याचं तुरुंगात जाणं किंवा सुटणं या प्रश्नांवर ठरू शकतं. म्हणून हे सगळं कसं चालतं, ते समजून घेऊया.

हस्ताक्षर तज्ज्ञ म्हणजे सहीवरून स्वभाव सांगणारे का?

नाही. 'तुमची सही वर जाते म्हणजे तुम्ही महत्त्वाकांक्षी आहात' असं रील्समध्ये सांगतात त्याला ग्राफॉलॉजी म्हणतात. फौजदारी खटल्यातल्या तज्ज्ञाचा त्याच्याशी संबंध नाही. लिहिणारा स्वभावाने कसा आहे, हा त्याच्यापुढचा प्रश्नच नसतो. हा मजकूर आणि तो मजकूर एकाच हाताने लिहिला आहे का, एवढंच त्याला सांगायचं असतं.

ज्या कागदाबद्दल वाद आहे त्याला वादग्रस्त दस्तऐवज म्हणतात. महाराष्ट्रात अशी तपासणी राज्य गुन्हे अन्वेषण विभागाचे, म्हणजे सीआयडीचे दस्तऐवज परीक्षक करतात. केंद्र सरकारची यासाठीची कार्यालयं शिमला, कोलकाता आणि हैदराबादला आहेत. याशिवाय खासगी तज्ज्ञही असतात आणि बचाव पक्ष स्वतःचा तज्ज्ञ कोर्टात उभा करू शकतो.

तज्ज्ञ नेमकं काय पाहतो?

आपण अक्षर 'ओळखतो' ते त्याच्या एकूण रूपावरून. तज्ज्ञ मात्र लिहिताना हात कसा चालला ते पाहतो. पेन कुठे टेकलं, कुठे उचललं, कुठे दाब वाढला, वळण कोणत्या दिशेने घेतलं, शब्दांत अंतर किती सोडलं, ओळ वर चढते की खाली उतरते, अशा सवयी लिहिणाऱ्याच्याही लक्षात नसतात. म्हणून त्या लपवणं कठीण असतं.

मराठी मजकुरात हे चांगलं दिसतं. कुणी प्रत्येक अक्षरावर वेगळी शिरोरेषा मारतं, कुणी अख्खा शब्द लिहून झाल्यावर एकच लांब रेघ ओढतं, कुणी ती मारतच नाही. वेलांटीचा बाक, मात्रेचा कल, रफार कुठे येऊन टेकतो, उकार अक्षराला चिकटतो की सुटा राहतो, 'ल' आणि 'श' मराठी वळणाचे आहेत की हिंदी वळणाचे, अशा बारीक गोष्टी एकत्र करून मत बनतं. एका अक्षराच्या साम्यावर काही ठरत नाही. एकाच शाळेत, एकाच कित्त्यावर हात बसलेल्या मुलांच्या अक्षरांत साम्य असणारच.

आणखी एक गोष्ट पहिल्यांदा ऐकताना उलटी वाटते. दोन सह्या अगदी तंतोतंत एकावर एक बसल्या, तर तज्ज्ञाला शंका येते. खरा माणूस दोनदा हुबेहूब सारखी सही करत नाही, थोडा फरक पडतोच. तंतोतंत जुळणारी सही बहुधा खाली मूळ सही ठेवून गिरवलेली असते. गिरवताना हात सावकाश चालतो, त्यामुळे रेघेत कंप दिसतो, भलत्याच जागी पेन थांबल्याच्या खुणा दिसतात.

म्हणूनच तज्ज्ञाला मूळ कागद हवा असतो. झेरॉक्समध्ये किंवा व्हॉट्सअ‍ॅपवरच्या फोटोत पेनाचा दाब दिसत नाही, पेन उचलल्याच्या खुणा पुसट होतात, आणि एका कागदावरची सही उचलून दुसऱ्यावर चिकटवली असेल तर तेही झाकून जातं.

कागद स्वतःही काही सांगतो का?

हो, आणि कधीकधी अक्षरापेक्षा जास्त सांगतो. वहीच्या वरच्या पानावर लिहिलं की खालच्या पानांवर दाब उमटतो. डोळ्यांना न दिसणारे हे ठसे स्थिर विजेच्या मदतीने उठवता येतात.

ब्रिटनमध्ये १९७४ च्या बर्मिंगहॅम पब बॉम्बस्फोटांसाठी सहा जणांना जन्मठेप झाली होती. १६ वर्षांनी, १९९१ मध्ये, अपील कोर्टाने त्यांना सोडलं. त्यामागे एक महत्त्वाचं कारण हे तंत्र होतं. एका आरोपीच्या चौकशीची टिपणं पोलिसांनी जेव्हा लिहिली म्हणून सांगितलं, तेव्हा ती लिहिलेली नव्हती, असं पानांवरच्या ठशांनी दाखवलं. अक्षर पोलिसांचंच होतं, त्याबद्दल वाद नव्हता. खोटं निघालं ते 'कधी लिहिलं' याबद्दलचं सांगणं.

आपल्याकडेही 'सही माझीच आहे, पण वरचा मजकूर माझा नाही' असा बचाव घेतला जातो. कोऱ्या कागदावर आधी सही घेतली आणि मजकूर नंतर भरला, असं त्यात म्हणणं असतं. इथे नुसती सही जुळवून काहीच सुटत नाही. मजकुराची आणि सहीची शाई एकच आहे का, मजकूर सहीभोवती जागा करून कोंबलेला दिसतो का, रेघा एकमेकींना छेदत असतील तर वरची कोणती, हे तपासावं लागतं.

तुलनेसाठी नमुना कुठून येतो?

दोन प्रकारचे नमुने असतात. पहिला, वाद नसताना सहज लिहिलेला मजकूर: बँकेचे फॉर्म, अर्ज, नोकरीतली रजिस्टरं, वह्या. दुसरा, तपासासाठी मुद्दाम लिहून घेतलेला. सहज लिहिलेला नमुना जास्त विश्वासाचा, कारण तेव्हा अक्षर बदलण्याचं कारणच नसतं. तो वादग्रस्त कागदाच्या आसपासच्या काळातला असावा लागतो. वय, आजारपण, अंथरुणावर पडून लिहिणं, हात थरथरणं, या सगळ्यांनी अक्षर बदलतं. सत्तरीतल्या आजोबांची सही त्यांच्या तिशीतल्या सहीशी ताडून पाहिली तर खरी सहीसुद्धा खोटी वाटू शकते.

मुद्दाम लिहून घेतानाही पद्धत असते. मूळ चिठ्ठी समोर ठेवायची नाही. मजकूर तोंडी सांगायचा. तसाच कागद, तसंच पेन द्यायचं. एक पान झालं की काढून घ्यायचं आणि पुन्हा लिहायला सांगायचं. दोन-चार ओळी कुणीही अक्षर बदलून लिहू शकतो, पानामागून पान लिहिताना मूळ सवय डोकावते.

नमुना चुकला तर काय होतं, याचं गाजलेलं उदाहरण जर्मनीतलं आहे. १९८३ मध्ये 'स्टर्न' या साप्ताहिकाने हिटलरच्या खासगी डायऱ्या सापडल्याचं जाहीर केलं. हस्ताक्षर तज्ज्ञांनी अक्षर हिटलरचंच असल्याचं मत दिलं होतं. पण तुलनेसाठी 'हिटलरचं अस्सल अक्षर' म्हणून त्यांना जे कागद मिळाले, त्यांतलेही काही कोनराड कुयाऊ नावाच्या त्याच बनावटकाराने तयार केले होते. म्हणजे बनावट अक्षर बनावट अक्षराशी जुळलं! त्यातल्या एका अमेरिकन तज्ज्ञाला तर जर्मन वाचताच येत नव्हतं. शेवटी बिंग फुटलं ते कागद आणि इतर साहित्याच्या रासायनिक तपासणीत. त्यात महायुद्धानंतर वापरात आलेले पदार्थ सापडले. १९८५ मध्ये कुयाऊ आणि त्या डायऱ्या मिळवणारा पत्रकार या दोघांनाही तुरुंगवासाची शिक्षा झाली.

आरोपीला अक्षराचा नमुना देण्याची सक्ती करता येते का?

संविधानाच्या अनुच्छेद २०(३) नुसार कुणालाही स्वतःविरुद्ध साक्षीदार होण्याची सक्ती करता येत नाही. मग हाताने लिहून देणं म्हणजे स्वतःविरुद्ध साक्ष देणं नाही का?

१९६१ मध्ये 'मुंबई राज्य विरुद्ध काथी कालू ओघड' या प्रकरणात सुप्रीम कोर्टाच्या ११ न्यायाधीशांच्या पीठापुढे हा प्रश्न आला. कोर्टाने सांगितलं की अक्षराचा नमुना, सही किंवा बोटांचे ठसे देणं म्हणजे साक्ष देणं नव्हे. आरोपी त्यातून स्वतःला माहीत असलेली कोणतीही हकीकत सांगत नाही. नमुना एकट्याने काहीच सिद्ध करत नाही, त्याला अर्थ येतो तो तुलना केल्यावर.

तरी एक अडचण उरली होती. तपास चालू असताना, खटला कोर्टात उभा राहण्याआधी, मॅजिस्ट्रेट असा आदेश देऊ शकतो का? १९८० मध्ये 'उत्तर प्रदेश राज्य विरुद्ध रामबाबू मिश्रा' प्रकरणात सुप्रीम कोर्टाने सांगितलं की तेव्हाच्या कायद्यात तशी तरतूद नाही, ती संसदेने करावी.

ही पळवाट किती महागात पडू शकते हे पंजाबातल्या एका प्रकरणात दिसलं. एका मुलाचं अपहरण आणि खून झाला होता, खंडणीची पत्रं हाती होती. आरोपींचे नमुने तपासादरम्यान तहसीलदारासमोर घेतले होते. तोपर्यंत कोणत्याही कोर्टापुढे कामकाज सुरू नव्हतं, म्हणून असे नमुने वापरता येणार नाहीत असं १९९४ मध्ये सुप्रीम कोर्टाने ठरवलं आणि आरोपी सुटले.

पुढे फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम ३११-अ आलं आणि २००६ पासून मॅजिस्ट्रेटला हा अधिकार मिळाला. आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ३४९ त्याच्या जागी आहे. अटक झालेली नसली तरी कारणं लेखी नोंदवून मॅजिस्ट्रेट नमुना मागू शकतो.

कोर्ट तज्ज्ञाचं मत कसं तोलतं?

१८७२ च्या पुरावा कायद्याच्या कलम ४५ मध्ये हस्ताक्षर तज्ज्ञाला सुरुवातीपासून जागा होती. बोटांच्या ठशांचा उल्लेख त्यात १८९९ मध्ये आला. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात हीच तरतूद कलम ३९ मध्ये आहे. दोन्ही कायद्यांत एक गोष्ट सारखी आहे: तज्ज्ञ जे देतो ते 'मत'. निकाल देणं न्यायाधीशाचं काम.

अक्षर सिद्ध करण्याचा हा एकमेव मार्गही नाही. ज्याने लिहिताना पाहिलं तो साक्ष देऊ शकतो. ज्याला ते अक्षर नेहमीच्या व्यवहारातून परिचयाचं आहे, उदाहरणार्थ कार्यालयातला कारकून किंवा घरचा माणूस, तोही सांगू शकतो. कलम ७२ खाली न्यायाधीश स्वतःही तुलना करू शकतात. पण न्यायाधीशाने स्वतःच तज्ज्ञ होऊन बसू नये, अशी सावधगिरी सुप्रीम कोर्टाने १९७९ च्या पालीराम प्रकरणात सांगितली.

फक्त तज्ज्ञाच्या मतावर शिक्षा देता येते का? यावर दोन निकाल नेहमी पुढे केले जातात. १९७७ च्या मगनबिहारी लाल प्रकरणात रेल्वेची बनावट पावती तयार केल्याचा आरोप होता. सुप्रीम कोर्टाने म्हटलं की तज्ज्ञांची मतं जपूनच घ्यायची असतात आणि हस्ताक्षर तज्ज्ञाचं तर सगळ्यांत जपून. दुसरा भक्कम आधार नसल्यामुळे आरोपी सुटला.

१९८० मध्ये छापून आलेल्या मुरारीलाल निकालात न्यायमूर्ती चिनप्पा रेड्डी यांनी तोल साधला. तज्ज्ञ हा काही गुन्ह्यातला साथीदार नाही की त्याच्याकडे संशयानेच पाहावं, असं त्यांनी म्हटलं. दुसरा पुरावा असलाच पाहिजे असा पक्का नियम नाही. पण हस्ताक्षराचं शास्त्र ठशांइतकं परिपूर्ण नाही, म्हणून कारणं तपासा आणि बाकीचा पुरावा पाहा. कारणं पटणारी असतील आणि शंकेला जागा नसेल, तर एकट्या मतावरही विसंबता येतं.

प्रत्यक्षात कोर्टं जोड शोधतातच. २०२० मध्ये सुप्रीम कोर्टापुढे उत्तर प्रदेशातल्या एका पोस्टमनचं प्रकरण होतं. रजिस्टर्ड पत्र पोहोचवल्याची सही त्याने स्वतःच ठोकली, असा आरोप होता. तज्ज्ञाचा अहवाल त्याच्याविरुद्ध होता आणि ज्यांना पत्र मिळायला हवं होतं, त्यांनीही ते मिळालं नसल्याचं सांगितलं. दोन्ही धागे जुळले आणि दोषसिद्धी टिकली.

एवढी सावधगिरी कशासाठी?

कारण चूक झाली की ती माणसाला भोगावी लागते. फ्रान्समध्ये १८९४ साली जर्मन लष्करी अधिकाऱ्याच्या कचऱ्याच्या टोपलीतून एक निनावी यादी मिळाली. फ्रेंच लष्कराची गुपितं विकायला काढल्याचं तीत दिसत होतं. संशय कॅप्टन आल्फ्रेड ड्रेफस यांच्यावर गेला. ते ज्यू होते आणि त्या काळच्या लष्करात ज्यूंविषयी उघड द्वेष होता.

बँक ऑफ फ्रान्सच्या तज्ज्ञाने सांगितलं की अक्षर दुसऱ्या कुणाचं असू शकतं. मग पॅरिस पोलिसांचे आल्फाँस बर्तियाँ यांना बोलावण्यात आलं. गुन्हेगारांच्या शरीराची मापं घेऊन ओळख पटवण्याच्या पद्धतीसाठी त्यांचं मोठं नाव होतं, पण हस्ताक्षर हा त्यांचा विषय नव्हता. यादीतलं अक्षर ड्रेफस यांच्या अक्षरापेक्षा जिथे वेगळं होतं, तिथे बर्तियाँ म्हणाले की पकडलं जाऊ नये म्हणून ड्रेफस यांनीच स्वतःच्या अक्षराची नक्कल केली. म्हणजे साम्य दिसलं तर पुरावा, फरक दिसला तरी पुरावा! अशा तर्कातून कुठलाच माणूस निर्दोष सुटू शकत नाही.

न्यायाधीशांना बचाव पक्षापासून लपवून एक गुप्त फाईलही देण्यात आली. ड्रेफस यांना जन्मठेप झाली आणि डेव्हिल्स आयलंडवर चार वर्षांहून जास्त काळ एकांतात काढावा लागला. ते अक्षर खरं तर एस्तरहाझी नावाच्या दुसऱ्या अधिकाऱ्याचं होतं. पुढे आँरी प्वँकारेंसह तीन नामवंत गणितज्ञांनी बर्तियाँ यांची मांडणी तपासून ती निराधार ठरवली. १९०६ मध्ये ड्रेफस पूर्ण निर्दोष ठरले.

आजचे तज्ज्ञ किती अचूक असतात?

२०२२ मध्ये अमेरिकेत एक मोठा अभ्यास प्रसिद्ध झाला. ८६ व्यावसायिक तज्ज्ञांनी दिलेले ७ हजारांहून जास्त निष्कर्ष त्यात तपासले गेले. दोन मजकूर वेगवेगळ्या माणसांचे असताना 'एकाच माणसाचे' असं चुकीचं मत ३.१ टक्के वेळा दिलं गेलं. एकाच माणसाचे असताना 'वेगळ्यांचे' असं १.१ टक्के वेळा. लिहिणारे जुळी भावंडं असतील, तर पहिल्या प्रकारची चूक ८.७ टक्क्यांपर्यंत गेली.

म्हणजे हे काम थोतांड नाही. प्रशिक्षित तज्ज्ञ बहुतेक वेळा बरोबर असतो. पण शंभरांत तीन चुका हा आकडा, आरोपीच्या पिंजऱ्यात आपण उभे असलो तर, लहान राहत नाही.

मग 'अक्षर जुळलं' असं वाचल्यावर काय समजायचं?

अक्षर जुळलं म्हणजे तो मजकूर बहुधा त्या माणसाने लिहिला. तो खरा आहे का, कधी लिहिला, कुणाच्या दबावाखाली लिहिला, याचं उत्तर त्यात नसतं. आत्महत्येच्या चिठ्ठीत एखाद्याचं नाव आहे आणि अक्षर मृताचंच आहे, एवढ्यावर त्या व्यक्तीने आत्महत्येला प्रवृत्त केलं हे सिद्ध होत नाही. तिने प्रत्यक्ष काय केलं, हे वेगळं दाखवावं लागतं. उलट, तज्ज्ञाने 'मत देता येत नाही' असं कळवलं तर आरोपी निर्दोष ठरला असंही नाही. नमुने अपुरे होते, इतकाच त्याचा अर्थ असू शकतो.

आणि उद्या तुमच्याच नावाच्या सहीवरून वाद झाला तर? मूळ कागद पाहायला मागा, झेरॉक्सवर थांबू नका. त्या काळात तुम्ही बँकेत, कार्यालयात, सोसायटीत केलेल्या सह्या कुठे आहेत ते आठवा आणि वकिलाला सांगा. अहवालाची प्रत मिळवा आणि शेवटची ओळ वाचून फाईल मिटू नका. मत कोणत्या कारणांवर उभं आहे, किती नमुने पाहिले, फरक दिसले तर त्यांचं काय केलं, हे वाचा. तज्ज्ञाच्या उलटतपासणीत हेच प्रश्न विचारले जातात. आणि कोऱ्या कागदावर सही देणं आजच बंद करा, कारण तिथे सगळ्यात चांगला तज्ज्ञही खरंच सांगेल: सही तुमचीच आहे.